सहा लुगड्यांची लांबी

ठाणे

शनिवार, २४ एप्रिल १९५४. वार्षिक परीक्षेचे पेपर तपासून बाजूला ठेवले आणि शिवणयंत्र पुढे ओढले. यमुनाच्या पोहण्याच्या पोशाखाची काखेतली शिवण तिसऱ्यांदा उसवली होती. शिंप्याने माप घेताना मुलीला हात खाली सोडून उभी केली होती, आणि ही मुलगी हात डोक्यामागे टाकणारी. मी काखेत दोन बोटे रुंदीची पट्टी जोडली, वर दुहेरी टीप मारली आणि पोशाख ट्रंकेत ठेवला. सोमवारी आम्हांला सिलोनला निघायचे होते.

कोलंबोला चारपाच देशांच्या पोहण्याच्या शर्यती होत्या. त्यांत मुलींची शंभर मीटरची एक शर्यत पाठीवर पोहण्याची. त्या शर्यतीसाठी आपल्याकडून दोन नावे गेली होती : कोलशेतच्या मिठागरावरची यमुना, आणि तिला काही झाले तर पाण्यात उतरायला मुंबईची रोदा.

मला स्वतःला पोहता येत नाही, हे आधीच सांगून टाकते. शाळेत मी गणित शिकवते आणि कवायत घेते. दोन वर्षांपूर्वी एका गैरहजर मुलीची चौकशी करायला मी कोलशेतला गेले. मिठागराला पाणी पुरवायला तिथे एक मोठे तळे आहे. भरतीच्या वेळी बांधातले दार उघडून खाडीचे पाणी त्यात घेतात. त्या तळ्यातून माझी गैरहजर विद्यार्थिनी उताणी पोहत चालली होती आणि तिच्या पोटावर फडक्यात बांधलेली भाकरी होती. पलीकडच्या बांधावर बापाला जेवण पोचवायचे, आणि बांधाने फिरून जायचे तर अर्धा तास मोडतो, म्हणून हा मार्ग. भाकरी कोरडी पोचली. मी हजेरीचे बोलायला गेले होते ते विसरून घड्याळ पाहिले.

पुढची हकिकत थोडक्यात सांगते. मुंबईच्या निवडीत समुद्राच्या पाण्यात एकच लांबी पोहायची होती, शेवटी ताणलेला दोर धरायचा. ती यमुनाने सहज मारली. पण खरी शर्यत म्हणजे एकदा जाऊन भिंतीला हात लावायचा, वळायचे आणि परत यायचे. उताण्या माणसाला भिंत दिसत नाही. हात लागण्याआधी पोटावर वळले तर बाद, आणि वळायला उशीर केला तर डोके फुटते. मी गणिताची बाई. मी ठरवले की हात मोजायचे.

तिकडच्या तलावाची लांबी पन्नास मीटर, म्हणजे आपले चोपन्न वार दोन फूट. एवढी लांब टेप कोणाकडे नव्हती. यमुनाची आई चांगूबाय म्हणाली, “बाई, लुगरा नऊ वाराचा. सहा लुगरी जोरा.” हिशेब चोख होता. तिने आणि पाच शेजारणींनी सणाची कोरी लुगडी पेट्यांतून काढली, पदराला पदर बांधला आणि बांधावरून ती लांब पताका ताणून धरली.

“चिखल लागला तं शालेतनं नवी द्याल का?” एकीने विचारले.

“चिखल लागू देऊ नका, म्हणजे प्रश्न मिटला,” मी म्हटले.

वर दोन फूट मी पावलाने धरले. एका टोकाला बांबू रोवला, दुसऱ्या टोकाला जुन्या दाराची फळी पाण्यात उभी केली. यमुनाचे चाळीस हात होत, एकेचाळिसावा फळीला लागे. तीन महिने आम्ही एकेचाळीस घोकले.

कल्याण ते धनुष्कोडी

सोमवारी कल्याण स्टेशनावर आम्हांला पोचवायला यमुनाचे आईबाप आले होते. बाप हासूदादा पांढरी टोपी घालून सरळ उभा होता. पाऊस पडण्याआधी मीठ उचलायचे, त्यामुळे एक दिवस मोडणे म्हणजे त्याच्या लेखी मोठी गोष्ट. त्याने मला बाजूला घेतले.

“बाई, पोर तुमच्या हवाली. पन एकदाच. थय काय जमलं तं पुढला बोलू. नाय जमलं तं शाला बास झाली, पुढल्या हंगामात मिठाची पाटी तिच्या डोईवर. वय सोला झालाय.”

“काय जमलं म्हणजे जमलं धरायचं?” मी विचारले. मला अटी स्पष्ट लागतात.

त्याने टोपी काढून पुन्हा घातली. एवढ्यात मद्रासची गाडी आली आणि डब्याच्या दारातून आमच्या मॅनेजर खोर्शेदबाईंनी छत्री हलवली. त्या मुंबईच्या, साठीच्या, पांढऱ्या केसांच्या आणि तोफेच्या आवाजाच्या. हाच प्रश्न मी त्यांच्यापुढे टाकला. त्या म्हणाल्या, “सीधी बात. सहा छोकऱ्या पोहनार. पहिल्या चारमध्ये आली तर वर्षभर मुंबईला माझ्याकडे ठेवीन, शिकवीन, शाळेत पन घालीन. पाचवी आली तर राम राम.”

“चार,” हासूदादाने बोटे दाखवली.

“चार,” खोर्शेदबाईंनीही दाखवली. अशी ही सोयरीक ठरली.

चांगूबायने मुलीच्या हातात एक पुरचुंडी दिली. “आपल्या आगरातला मीठ हाय. परक्या पान्यात उतरशील, आधी चिमूट टाक.” असल्या गोष्टींवर माझा विश्वास नाही, पण आगगाडी सुटायच्या वेळी वाद घालण्यात अर्थ नसतो.

दोन रात्री गाडीत गेल्या. त्यांतले सांगण्याजोगे म्हणजे एवढेच, की रायचूरनंतर चहा मिळेनासा झाला आणि कॉफी सुरू झाली. रोदाने सुरुवातीला यमुनाच्या सुकटीच्या चटणीला नाक मुरडले आणि गुंटकल यायच्या आत निम्मी तिनेच संपवली. मद्रासला केळीच्या पानावर जेवलो. आपल्याकडे आधी वरणभात आणि मग पोळी. त्यांच्याकडे आधी भात, मग भात आणि शेवटी ताकभात. यमुनाला ही पद्धत फार पटली.

बोटीवर चढण्याआधी रामेश्वरच्या अलीकडे सामानाची आणि प्रकृतीची तपासणी होते. तपासनिसाने यमुनाची पुरचुंडी सोडली आणि पांढरी पूड पाहून भुवया चढवल्या. मी इंग्रजीत सांगितले, खोर्शेदबाईंनी त्याहून मोठ्या इंग्रजीत सांगितले. त्याने आम्हां दोघींवरही विश्वास ठेवला नाही. शेवटी यमुनाने एक चिमूट स्वतःच्या जिभेवर ठेवली आणि दुसरी त्याच्यापुढे धरली. त्याने चाटून पाहिली. “उप्पु!” तो ओरडला आणि हसत सुटला. शेजारच्या दोघांनाही त्याने बोलावून चाखवले. उप्पु म्हणजे मीठ. पुरचुंडी निम्मी झाली, पण आम्ही सुटलो.

धनुष्कोडीला दोन्ही बाजूंना समुद्र आणि मध्ये वाळूची पट्टी. यमुनाने बोटीच्या कठड्यावरून बराच वेळ पाणी पाहिले. “बाई, एवढा पानी आनि आगर एक नाय,” ती म्हणाली. तिला ते फुकट चालल्यासारखे वाटत होते.

कोलंबो

कोलंबोत खोर्शेदबाई आणि रोदा हॉटेलात उतरल्या, माझी आणि यमुनाची सोय श्रीमती सिल्व्हा नावाच्या बाईंकडे झाली. निवृत्त नर्स. नवरा माळी, बोलणे कमी, बागेत सदा काही ना काही बांधत असलेला. घर कौलारू, पुढे नारळ, मागे फणस. कोकणातल्या माणसाला परके वाटू नये असे. सकाळी तांदळाच्या पिठाच्या वाफवलेल्या शेवयांच्या चकत्या आणि ओल्या खोबऱ्याची लालभडक चटणी. आपण शेवया दूधगुळात खातो. त्या तिखटाबरोबर खायच्या हे मला पहिल्या दिवशी चुकीचे वाटले आणि तिसऱ्या दिवशी बरोबर. चटणीत सुक्या माशाचा चुरा असतो. यमुना म्हणाली, “यांना पन सुकट कलते.”

एक मात्र मला आवडले. संध्याकाळी सार्वजनिक तलावावर बायका सहज पोहायला येत. मध्यमवयीन, माझ्याएवढ्या, बरोबर मुले, डब्यात खाणे. कोणी काठावर उभे राहून बघत नव्हते. आपल्या तलावावर एक मुलगी पायरीवर बसून पाय बुडवते तेव्हा चारजण जमतात.

शनिवारी, एक मेला, आमच्या मुलींना सरावासाठी तलाव मिळाला. निळसर फरशीचा, समुद्राच्या वाऱ्यावरचा. यमुनाने काठावरून मिठाची चिमूट टाकली, कोणाला न दिसेलशी, आणि उतरली. मी काठाने चालत मोजत होते. अडतीस, एकोणचाळीस, चाळीस. एकेचाळिसाव्याला तिने हात मागे फेकला आणि भिंतीला म्हणून अंग वळवले.

भिंत नव्हती. ती अजून दोन हात लांब होती.

ती खाली गेली, पाणी प्यायली, खोकत पोटावर वर आली आणि कुत्र्यासारखे हातपाय मारत भिंतीला चिकटली. दुसऱ्या देशाच्या मुली हसल्या. हसण्यासारखेच होते ते. दुसऱ्या खेपेला तसेच झाले. तिसऱ्या खेपेला ती आधीच घाबरली आणि तिसाव्या हातापासूनच मान वळवून बघू लागली.

खोर्शेदबाईंनी मला छत्रीखाली बोलावले. “बाई, तुमची छोकरी भिंत शोधते. असा कसा चालनार? पोटावर वळली तर बाद, आनि आपलं सगळ्यांचं हसं. मी रोदाला उतरवते.”

“उद्या सकाळपर्यंत थांबा,” मी म्हटले. “चूक मुलीची नाही. चूक आकड्यात आहे.”

“कुठला आकडा?”

“ते सकाळी सांगते,” मी म्हटले, कारण मला तो अजून माहीत नव्हता.

घरी येऊन वहीत मी चोपन्न वारांचा हिशेब तीनदा मांडला. तीनदा बरोबर आला. यमुना मागच्या पायरीवर बसून काहीच बोलत नव्हती. रडतही नव्हती. रडली असती तर मी दटावले असते. गप्प बसलेल्या मुलीचे काय करायचे हे मला कळत नाही.

सिल्व्हांच्या बागेत तेव्हा वैशाखी पौर्णिमेची तयारी चालली होती. तो त्यांचा बुद्धाचा सण. आपण दिवाळीत आकाशकंदील लावतो तसे ते घराघरावर कागदाचे कंदील लावतात. माळीबुवा फाटकापासून फणसापर्यंत दोर बांधत होते. काथ्याचे जुने तुकडे त्यांनी मापून एकमेकांना जोडले होते आणि आता दोर फणसाला पुरत नव्हता. ते फांदीशी दोर धरून ताणत होते, आणि त्यांची बायको पायरीवरून ओरडत होती. काय ओरडत होती ते मी विचारले.

“दर वर्षी हेच करतात,” ती इंग्रजीत म्हणाली. “तुकडे मोजतात, गाठी मोजत नाहीत.”

मी वही मिटली. सहा लुगडी, पाच गाठी. चांगल्या घट्ट, पदराला पदर दुमडून मारलेल्या गाठी. एकेका गाठीत अर्धा वार गेला धरला तर अडीच वार झाले, आणि अडीच वार म्हणजे यमुनाचे दोन हात. ज्या बाईने वीस वर्षे मुलींना तोंडी हिशेब शिकवला, तिने हे केले. तीन महिने मी त्या मुलीला आखूड तळ्यात पोहायला लावत होते.

“यमुना,” मी म्हटले, “माझं चुकलं. मी गाठी धरल्या नाहीत. एकेचाळीस नाही, त्रेचाळीस.”

बाई चुकतात हे ती बहुधा पहिल्यांदाच ऐकत होती. मग ती एकदम फिसकन हसली. “मी आयशीला सांगनार! तिची गाठ लय घट असते. बापसाची भाकरी पन तीच बांधते.”

रविवारी सकाळी सहाला खोर्शेदबाईंसमोर त्रेचाळिसाव्या हाताला बोटे भिंतीला लागली. दोनदा. त्यांनी मला चुकीचे कारण विचारले, मी सांगितले. त्या इतक्या हसल्या की छत्री पाण्यात पडली. “ठीक आहे. उद्या छोकरी पोहनार. पन बाई, माझ्या हाटेलच्या बिलाचा हिशेब तुम्ही नका करू.”

शर्यत

सोमवारी दुपारी चारला सहा मुली पाण्यात उतरून काठाचा दांडा धरून उभ्या राहिल्या. बोलावलेल्या पाहुण्या देशांच्या मुली उंच, रबराच्या टोप्या घातलेल्या. यमुनाने केस माझ्या जुन्या परकराच्या पट्टीने आवळले होते. काखेतली शिवण मी दोनदा ओढून पाहिली होती. आता करण्यासारखे काही उरले नव्हते, हे मला सर्वांत कठीण गेले.

बंदुकीचा बार झाला. पहिल्या वीस हातांत यमुना पाचवी होती. पुढे सिलोनची मुलगी अगदी सरळ, बाण सुटावा तशी. मी मोजत होते. मोजल्याशिवाय मला राहवत नाही. पण यमुना सरावापेक्षा जोरात हात मारत होती, पाणी मागे जास्त सरकत होते. मला ते कळले. हात लांब पडला की आकडा बदलतो. त्रेचाळीसही चुकणार. आता ती डोके आपटणार.

एकेचाळीस म्हणायला मी तोंड उघडले, तोच तिचा हात मागे गेला आणि भिंतीला लागला. स्वच्छ. मान न वळवता. पाय गुडघ्यांत मुडपले, भिंतीवर टेकले, आणि ती सुटली. तिच्या शेजारची टोपीवाली मुलगी वळायला दचकली आणि तिथेच मागे पडली. वळणावर यमुना चौथी झाली आणि परतीला तिने तिसरीला जवळजवळ गाठले. दोघींचे हात एकदमच लागले म्हणा ना. तीन पंच काठावर डोकी एकत्र करून उभे राहिले. खोर्शेदबाईंनी माझे मनगट पकडले होते. त्याचे वळ दोन दिवस होते.

यमुना चौथी, असा निकाल लागला.

ती पाण्यातून वर आली ती भांडायलाच. “चौथी? मी तिसरी होते! तिचा हात माझ्या मागना लागला, मना दिसला ना!”

“दिसला कसा? तू उताणी होतीस,” मी म्हटले.

“मंग कलला,” ती म्हणाली.

टॉवेल देताना मी विचारले, “किती मोजलेस?”

“मोजला नाय बाई.”

“मग?”

“पानी सांगतं. बांध जवल आला की पानी परत येतं आनि कानाला लागतं. आवाज पन बदलतो, घागरीत बोलल्यागत. हय भिंत गुलगुलीत, लय बरा ऐकू येतो.”

“हे तुला आधीपासून माहीत होतं?”

“बापसाला भाकरी नेताना काय मोजायची? पोटावर भाकरी असते, मान वलवता येत नाय.”

“मग मला का नाही सांगितलंस?”

“तुम्ही इचारला नाय. तुम्ही आकरा दिलात. मंग मी आकऱ्यावर चालले, ऐकायचा सोरून.”

यावर मी तिला केस पुसायला सांगितले. खोर्शेदबाईंनी तिथेच, ओल्या बाकावर, मुंबईच्या शाळेच्या नावाने पत्र लिहायला घेतले.

त्या संध्याकाळी सिल्व्हांच्या फणसावर पहिला कंदील चढला. दोराला आणखी एक तुकडा जोडलेला होता, अर्थात आणखी एक गाठ मारून.

कोलशेत

नऊ मेला, रविवारी उन्हे उतरताना, आम्ही कोलशेतला पोचलो. मिठाच्या राशी लागल्या होत्या आणि बायका पाट्या भरत होत्या. हासूदादाने फावडे टेकवले. मी पत्र काढून त्याला वाचून दाखवले. त्याने शेवटपर्यंत ऐकले.

“कितवी आली?”

“चौथी,” मी म्हटले.

“तिसरी,” यमुना म्हणाली.

त्याने चार बोटे वर केली, त्यांच्याकडे पाहिले आणि हात खाली घेतला. “चारच ठरलेली,” तो म्हणाला. मग चांगूबायकडे वळून, “एक पाटी कमी झाली गं. दुसरी बाय बघ.” चांगूबाय मात्र मुलीच्या खांद्यांवरून हात फिरवत “वालली, वालली” म्हणत राहिली, वास्तविक सिल्व्हाबाईंच्या हातचे खाऊन यमुना चांगली भरली होती. गाठींची गोष्ट कळल्यावर त्या सहाही बायका इतक्या हसल्या की मीठ तिथेच राहिले. आता कोलशेतात माझे नाव ‘गाठीवाली बाई’ पडले आहे. ते पुसले जाईल असे वाटत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी परत गेले. नगरपालिकेच्या ओव्हरसियरकडून लोखंडी टेप मागून घेतली होती. फळीपासून अंतर मोजले आणि बांबू उपटून योग्य जागी रोवला. साडेसहा फूट आणखी लांब. गावातल्या आणखी तीन मुली काठावर येऊन बसल्या होत्या, त्यांच्यासाठी ते व्हायलाच हवे होते. टेप गुंडाळून ठेवली. मग चपला काढल्या, काष्टा घट्ट खोवला आणि छातीभर पाण्यात उतरले. मुली खिदळल्या, त्यांना खिदळू दिले.

यमुनाने माझ्या पाठीखाली हात धरला. “अंग सोरा बाई. मान टाका. कान बुरू द्या.”

पहिल्यांदा नाकात पाणी गेले. दुसऱ्यांदाही. तिसऱ्यांदा मी मान टाकली आणि तिने मला हळूहळू फळीकडे ओढत नेले. वर आकाश होते, त्यात मोजण्यासारखे काही नव्हते. आणि मग पाणी परत आले आणि कानाला लागले.